भ्रताराचा रकाना

१

शनिवारी सकाळी दवाखान्याचं लोखंडी कपाट उघडलं आणि ओपीडीची वही जागेवर नव्हती. गेल्या वर्षीची, कापडी बांधणीची, चांगली जाडजूड वही. तिच्या शेजारच्या वह्या होत्या, औषधांचं साठा-रजिस्टर होतं, एक फुटका थर्मामीटरही होता. कुलूप शाबूत होतं. कुणीतरी किल्लीने कपाट उघडून, नेमकी ती एक वही उचलून, पुन्हा नीट कुलूप लावून गेलं होतं.

मला फोन आला तेव्हा दहा वाजले होते. मी सिताराम, ॲडव्होकेट संघप्रिया मॅडमचा मुन्शी. परभणीच्या कोर्टात एकतीस वर्षं गेली माझी. वकील बोलतात, मुन्शी कागद सांभाळतो, आणि केस हरली की पहिली शिवी मुन्शीला बसते. त्याची मला सवय आहे.

पण ही वही म्हणजे साधा कागद नव्हता. परभणीहून मानवतकडे जाताना उजव्या हाताला नागलिंग होमिओपॅथिक महाविद्यालय लागतं. चार वर्षांपूर्वी दिल्लीच्या होमिओपॅथी आयोगाने त्याची मान्यता काढली. कॉलेज संभाजीनगरच्या खंडपीठात गेलं, अंतरिम आदेश मिळाला, आणि त्या आदेशावर त्या साली सत्तेचाळीस पोरापोरींचे प्रवेश झाले. प्रत्येकाच्या प्रवेशपत्रावर एक शिक्का आहे: 'अंतिम निकालाच्या अधीन'. अठरा वर्षांच्या लेकरांनी तो शिक्का वाचला असेल, असं मला वाटत नाही. आता ती शेवटच्या वर्षाला होती. कॉलेज हरलं की त्यांची चार वर्षं पुसली जाणार होती.

गेल्या वर्षी आयोगाने पुन्हा तपासणी केली आणि पुन्हा तोच शेरा मारला: रुग्ण पुरेसे नाहीत. कॉलेजने उत्तरादाखल वर्षभराच्या रुग्णांचा तक्ता कोर्टात दिला. नाव, वडिलांचं किंवा पतीचं नाव, गाव, आजार. दोनशे अकरा पानं, मूळ वहीचा हुबेहूब उतारा म्हणून. प्रत्येक पानावर 'सत्यप्रत'चा शिक्का मीच मारला, मॅडमनी सह्या केल्या. मूळ वही आम्ही दोघांनीही पाहिली नव्हती. घाईच्या दिवसांत सगळीच ऑफिसं असं करतात, हे मी स्वतःला फार वेळा सांगून पाहिलंय.

आयोगाच्या वकिलाने त्यातली दहा नावं निवडली आणि गावोगाव माणूस पाठवला. चार नावं खोटी निघाली. पोखर्णीच्या महादेवी नावाच्या बाईने तर शपथपत्रच दिलं: 'मी आश्रुबाची बायको नाही. माझे पती शंभुराज वारून अकरा वर्षं झाली.' शुक्रवारी दुपारी खंडपीठाने सांगितलं, गुरुवारी मूळ वही आणा. आणि शनिवारी वही गायब.

"मुन्शीजी, जाऊन बघा," मॅडम फोनवर म्हणाल्या. "आणि एक खरं सांगा. त्या वहीत माणसं असतील, की सगळी भुतं?"

मी म्हणालो, "भुतंच असतील, मॅडम. नाहीतर वही कोण कशाला पळवील?"

२

संस्थेचे अध्यक्ष धोंडप्पा ओसाड वॉर्डात एका खाटेवर बसलेले सापडले. कपाळावर भस्माचे पट्टे, पांढरा सदरा, वय पंचाहत्तरच्या पुढे. मानवतला त्यांचं कापसाचं जिनिंग होतं, ते मुलांच्या हवाली करून त्यांनी हे कॉलेज काढलं. बायकोचा दमा या साबुदाण्याएवढ्या गोळ्यांनी गेला, एवढंच कारण. माणूस हट्टी, पण लबाड कधी वाटला नाही.

"मालक, ही वही कुणाला नको होती?" मी विचारलं.

"मला इचारता? मी वही कधी उघडून बी बघितली न्हाई. डॉक्टरीन बाई कागद आनतात, मी सही करतो. आज सकाळी बी एक आनला हुता. केली सही."

"कसला कागद?"

"असंल कसला तरी. लय कागद झाले बगा, मुन्शीजी. आमी कापसाची गाठ बगून सांगू, कुठल्या रानाची हाय. कागद बगून काय कळत न्हाई."

मी तो कागद तेव्हाच मागायला हवा होता. एकतीस वर्षं कागदांत काढलेल्या माणसाने हे विचारायचं राहून जावं, याची मला अजून लाज वाटते.

त्यांच्या डॉक्टरीन बाई म्हणजे प्राचार्य डॉ. राजेश्री, पुण्याकडच्या. टेबल स्वच्छ, बोलणं तुटक. त्यांच्या मागे एक मोठी बॅग भरून ठेवलेली दिसत होती.

"वही चोरीला गेली असेल, तर ती लिंबाजीच्या हलगर्जीपणामुळे," त्या म्हणाल्या. "किल्ली त्याच्याकडे असते. एकच किल्ली."

"तक्ता कुणी तयार केला?"

"ऑफिसने."

"ऑफिसने म्हणजे कुणी?"

"ऑफिसने." त्यांनी पेनाचं टोपण लावलं. "हे बघा, त्या वहीला काही अर्थच नव्हता. अर्धी नावं नावं म्हणण्याच्या लायकीची नव्हती. अशी वही दिल्लीच्या लोकांपुढे ठेवली असती, तर त्यांनी हसून फेकून दिली असती. तुम्हाला खरं ऐकायचंय ना? वही असती, तरीही आपण हरलोच असतो."

आता मला खात्री वाटू लागली. वही खोटी, तक्ता त्याहून खोटा, आणि बाईंनी वहीची विल्हेवाट लावून बॅग भरलेली. गोष्ट संपली, असं समजून मी निघालो. जिन्यात एक मुलगी उभी होती. पांढरा कोट, हातात स्टेथोस्कोप, डोळे सुजलेले.

"काका, वही सापडंल का?" तिने विचारलं.

"तू कोण?"

"शिवकन्या. शेवटच्या वर्षाला हाय. पोखर्णीची." आणि मग, मी न विचारताच, "मी ती वही कधी बगितली न्हाई."

३

सोमवारी ओपीडी सुरू झाली, तेव्हा मी खिडकीच्या आत लिंबाजीच्या मागे स्टूल टाकून बसलो. लिंबाजी म्हणजे नोंदी करणारा कारकून. बारीक अंगाचा, पन्नाशीचा, एका कानाने कमी ऐकणारा.

"किल्ली कुठं असते तुमची?"

त्याने सदरा वर करून दाखवली. किल्ली करदोट्याला बांधलेली होती, दोऱ्याच्या तीन गाठी मारून. "आंघोळीला बी सोडत न्हाई," तो म्हणाला.

"मग कपाट उघडलं कुणी?"

"मला काय ठाव."

"झोपेत कुणी काढून घेतली?"

"माझ्या कमरंची गाठ कोन सोडंल, मुन्शीजी? काय पन बोलायलाव."

तो एवढंच बोलला आणि कामाला लागला. मी मात्र मनाशी नोंद केली. गाठ जर दुसऱ्याला सोडता येत नाही, तर ती लिंबाजीनेच सोडली. म्हणजे किल्ली चोरीला गेली नव्हती, दिली गेली होती. कुणाला? अध्यक्षांनी मागितली असती, तर लिंबाजीने उघड सांगितलं असतं, मालकाचं नाव सांगायला कसली भीती? आणि राजेश्रीबाईंबद्दल शब्द काढला, की त्याचं तोंड कडू व्हायचं. त्यांना वाचवण्यासाठी तो खोटं बोलला नसता. तो ज्याच्यावर जीव लावतो, अशा कुणालातरी तो झाकत होता.

खिडकीपुढे रांग लागली होती. मान्य करतो, मला रांगेची अपेक्षा नव्हती. मानवतचे दोन हमाल, पेडगावचं एक म्हातारं जोडपं, अंगावर चट्टे उठलेली पोर, आणि पुष्कळ बाया. गोळ्या फुकट मिळतात, डॉक्टर अर्धा तास ऐकून घेतात, म्हणून बाया येत होत्या. घरी त्यांचं कोण ऐकतं अर्धा तास?

एक नऊवारीतली बाई खिडकीशी आली.

"नाव?"

"पार्वतीबाई."

"मालकाचं नाव?"

बाईने पदर तोंडाशी नेला आणि बाजूला बघितलं. लिंबाजीने वर मान न करता विचारलं, "पोरगं कोन मोठं?"

"योगीराज."

लिंबाजीने लिहिलं: 'पार्वतीबाई, योगीराजची माय, पोखर्णी, गुडघे.' आणि पुढच्या बाईला हाक मारली. तिचंही तसंच. तिसरी म्हणाली, "आमच्या पाटलाचं नाव तुमाला ठावं हाय की, लिवा." चौथीला मूल नव्हतं, ती म्हणाली, "सिद्राम गुरुजीची धाकटी भावजय म्हना."

मी स्टुलावरून उठलोच. अहो, हे तर मी एकतीस वर्षं रोज करतोय! आमच्याकडच्या कोर्टाच्या कागदांत बाईच्या नावापुढे 'भ्र.' लिहितात. भ्र. म्हणजे भ्रतार, नवरा. आणि जुन्या वळणाची बाई नवऱ्याचं नाव तोंडाने घेत नाही. साक्षीला उभी राहिली, तरी घेत नाही. मग मुन्शी शिपायाला विचारतो, शिपाई तिच्या दिराला विचारतो, आणि तो रकाना भरला जातो. इथं खिडकीवर दीर नव्हता. म्हणून लिंबाजी बाईच्या नावाला लेकराचं नाव जोडत होता.

आणि कोर्टात दिलेल्या तक्त्यात तर लग्न झालेल्या प्रत्येक बाईपुढे नवऱ्याचं नाव होतं. एकूण एक.

४

दुपारी मी कॉलेजच्या वाचनालयात तक्ता घेऊन बसलो आणि आयोगाने तपासलेली दहा नावं काढली. पाच पुरुष, एक कुमारिका, चार लग्नाच्या बाया. पुरुष पाचही खरे निघाले होते. कुमारिकाही खरी. खोटी निघालेली चारही नावं लग्न झालेल्या बायांची.

आता तुम्हीच सांगा. खोटे रुग्ण रचणारा माणूस पुरुषांना का सोडील? त्याला कल्पनेतून बायाच का सुचाव्यात? आणि त्या चौघींची गावं बरोबर होती, आजार बरोबर होते. महादेवीने शपथपत्रात लिहिलंच होतं, 'मी औषधाला जात होते, पण आश्रुबा माझा नवरा नाही.' आमच्या वकिलांनी नि त्यांच्या वकिलांनी दुसरा अर्धा भाग वाचला, पहिला कुणी वाचलाच नाही.

रुग्ण खरे होते. खोटे होते फक्त नवरे.

मग हे नवरे आले कुठून? मी पोखर्णीची मतदार यादी मोबाइलवर काढली. तीत दोन महादेवी होत्या. एक भ्र. शंभुराज, दुसरी भ्र. आश्रुबा. तक्ता करणाऱ्याने वहीत नुसतं 'महादेवी, पोखर्णी' वाचलं असणार, रकाना भरायला यादी उघडली, आणि दोघींतली एक निवडली. चुकीची निवडली. एका विधवेला गावातल्या जित्या माणसाची बायको करून टाकलं. लिहिणाऱ्याच्या मनात काही पाप नसेल, पण पोखर्णीत त्या बाईला काय काय ऐकून घ्यावं लागलं असेल, या विचाराने मला वाईट वाटलं.

अक्षर राहिलं होतं. तक्त्यातलं अक्षर सुबक होतं, पण अक्षरांना वरची रेघ नव्हती. लिंबाजी रेघ आधी ओढतो, मग तिच्याखाली लिहितो. राजेश्रीबाई सगळं इंग्रजीत लिहितात. मी ओपीडीत जाऊन त्या दिवशीचे केसपेपर चाळले. पाचवा केसपेपर पार्वतीबाईंचा, गुडघ्यांचा. त्यावर विद्यार्थी-डॉक्टरने लिहिलेली हकिगत. अक्षरांना रेघ नव्हती.

खाली नाव होतं: शिवकन्या.

मी तिला वाचनालयात बोलावलं. चहा मागवला. तिने तो घेतला नाही.

"पार्वतीबाई तुझी कोण?"

"आजी."

"तक्त्यात तिच्यापुढे मुंजाजी लिहिलंय."

"आजोबाचं नाव हाय ते. ते बरोबर हाय."

"असेल. पण वहीत काय असेल? लिंबाजी तर नवऱ्याचं नाव लिहीत नाही."

"वहीत 'योगीराजची माय' म्हनून तीनदा हाय, अन् एकदा नुसतंच 'पोखर्णीची म्हातारी'," ती म्हणाली, आणि बोलून गेल्यावर तिने दोन्ही हात तोंडावर धरले.

जिन्यात ती म्हणाली होती, की तिने वही कधी बघितलीच नाही.

मला आनंद व्हायला हवा होता, कोडं सुटलं होतं. पण समोर बसलेल्या पोरीकडे बघून मला स्वतःचाच राग आला.

"उद्या घरी या, काका," ती शेवटी म्हणाली. "तितं सांगते. इतं नगं."

५

मंगळवारी सकाळच्या गाडीने मी पोखर्णीला उतरलो. नृसिंहाच्या देवळाकडे जाणाऱ्या गर्दीतून वाट काढत तिचं घर विचारलं. ओसरीवर पार्वतीबाई गुडघ्यांना तेल लावत बसल्या होत्या. त्यांनी मला ओळखलं नाही, पण पाणी दिलं. शिवकन्याने आतून पत्र्याची पेटी ओढत आणली. लुगड्यांच्या खाली वही होती.

"दिवाळीत बाईंनी सांगितलं, तुझं अक्षर चांगलं हाय, तक्ता उतरून दे," ती सांगू लागली. "लिंबाजी काका किल्ली द्यायचे, मी वही घरी आनायचे. दीड महिना लिवलं. पतीच्या नावाचा रकाना कोरा ठेवला, तर बाई म्हनल्या, एक बी रकाना कोरा नगं, दिल्लीला चालत न्हाई. मतदार यादी बी त्यांनीच दिली. मी म्हनलं, बाई, वहीत नुसतं महादेवी हाय, गावात दोन-दोन महादेवी हायत, कोनती लिवू? त्या म्हनल्या, कोनती बी लिव, कोन बघायलंय."

"मग तू कुणाला सांगितलं का नाहीस?"

"कुनाला सांगू? तवा मला बी वाटलं, कोन बघायलंय." तिने पेटीची कडी लावली. "महादेवी काकू आता आमच्या दारावरून जात न्हाईत. मागच्या गल्लीनं फिरून जातात. त्यांच्या पोराला, जीवनला, बाकीची पोरं चिडवतात. ते मी केलं, काका. बाईंनी न्हाई केलं."

"आणि वही का नेलीस?"

"शुक्रवारी निरोप आला, कोर्टानं वही मागितली. बाई मला म्हनल्या, वही अन् तक्ता शेजारी ठेवला की ज्याचं अक्षर त्याच्यावर केस हुईल. केस झालेल्याला डॉक्टर म्हनून कोन नोंदवतं? मी लिंबाजी काकांच्या पाया पडले. वहीच न्हाई, तर शेजारी ठेवतील काय? असं वाटलं मला."

पार्वतीबाई ओसरीवरून म्हणाल्या, "पोरगी चार दिस झाले जेवंना. काय झालंय तिला? तुमी कालिजातले हाव का?"

मी त्यांना 'हो' म्हणालो. दुसरं काय सांगणार?

मग मी वही उघडली आणि तिथंच बसून मोजायला लागलो. महिना एक, महिना दोन. 'दत्ताची माय, खोकला.' 'पुनाजीची सून, डोकं.' 'आंधळ्या मामाची बहीण, अंगाला खाज.' पाऊण तासाने मी बेरीज केली, मग पुन्हा केली. आयोगाला रोजचे जेवढे रुग्ण लागतात, त्यापेक्षा वहीत जास्त होते. बऱ्याच जास्त. प्रत्येकाचा अंगठा होता, तारीख होती, औषध होतं. एवढी खरी वही मी कोर्टात कधी पाहिली नव्हती.

"पोरी," मी म्हणालो, "ही वही जशीच्या तशी दिली असती ना, तर तुम्ही दिवाळीतच जिंकला असता."

हे मी बोलायला नको होतं. खरं असलं, तरी नको होतं. ती भिंतीला टेकून खाली बसली.

६

संघप्रिया मॅडमनी बुधवारी वही पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचली. मध्ये एकदा चष्मा काढून पुसला.

"दाखल करायची," त्या म्हणाल्या. "आणि सोबत सरळ लिहायचं, की तक्त्यातला पतीच्या नावाचा रकाना अंदाजाने भरला होता आणि मूळ वही न पाहता आपण सत्यप्रत म्हणून सही केली. पोरीचं नाव कुठंही येणार नाही. 'कार्यालयाने' लिहा."

"मॅडम, तुमच्या वकिलीच्या सनदेवर येईल."

"येऊ द्या. मुन्शीजी, माझी आई पण माझ्या बापाचं नाव घेत नव्हती. 'संघप्रियाचे पप्पा' म्हणायची. हे मला त्या तक्त्यात दिसायला हवं होतं. दोनशे अकरा सह्या केल्या मी."

गुरुवारी खंडपीठात मॅडम फार चांगल्या बोलल्या. नवऱ्याचं नाव न घेण्याची रीत त्यांनी चार वाक्यांत समजावून सांगितली. न्यायमूर्तींनी वही हातात घेतली, पानं उलटली, आणि 'आंधळ्या मामाची बहीण' वाचून ते किंचित हसलेसुद्धा. मला वाटलं, जिंकलो.

तेवढ्यात आयोगाचे वकील उठले. त्यांच्या हातात एक कागद होता. शनिवारी सकाळी कॉलेजकडून आयोगाला ईमेलने गेलेला, अध्यक्ष धोंडप्पांच्या सहीचा. त्यात लिहिलं होतं: 'मूळ नोंदवही वाळवी लागून पूर्णपणे नष्ट झाली आहे.'

वही न्यायमूर्तींच्या टेबलावर होती. तिला वाळवीचं एक भोकही नव्हतं.

धोंडप्पा माझ्या शेजारी बसले होते. "त्योच कागद का हो, मुन्शीजी?" त्यांनी हळूच विचारलं. मी होकारार्थी मान हलवली. राजेश्रीबाई कोर्टात आल्याच नव्हत्या. त्यांनी बुधवारीच राजीनामा पाठवला होता.

वही गेली नसती, तर तो ईमेल गेला नसता. शिवकन्या पोखर्णीला होती, म्हणून हे तिने ऐकलं नाही. पण तिला समजायला वेळ लागणार नव्हता. ती हुशार होती.

निकाल आठ दिवसांनी आला. निकालात म्हटलं होतं, की वही खरी दिसते आणि रुग्णसंख्या पुरेशी दिसते. पहिली चूक अज्ञानाची मानता आली असती. पण आधी चुकीचा तक्ता शपथेवर देणाऱ्या आणि नंतर वही नष्ट झाल्याचं खोटं लेखी कळवणाऱ्या संस्थेला कोर्टाकडून दिलासा मागता येत नाही. याचिका फेटाळली. संस्थेने पुढच्या वर्षासाठी नव्याने अर्ज करावा, आयोगाने तो गुणदोषांवर तपासावा. अंतरिम आदेशावर झालेले प्रवेश त्या आदेशासोबतच संपले.

म्हणजे कॉलेज वाचणार होतं. ज्यांच्यासाठी कॉलेज होतं, ते सत्तेचाळीस जण तेवढे वाचणार नव्हते. आणि शिवकन्याला ज्या केसची एवढी धास्ती होती, ती कुणावर झालीच नाही. ते अक्षर कुणाचं, असं कोर्टात कुणी एका शब्दानेसुद्धा विचारलं नाही.

७

पोरांनी दिल्लीला सुप्रीम कोर्टात अपील करायचं ठरवलं. मॅडमनी फी नको म्हटलं. सत्तेचाळीसपैकी एकोणीसजण आमच्या ऑफिसात सह्या करायला आले. बाकीच्यांच्या घरच्यांनी आता पुरे म्हटलं असेल. कुणी दुकानात बसलं होतं, दोघींची लग्नं ठरली होती.

मी टेबलावर शपथपत्रांचे छापील नमुने मांडले आणि एकेकाला बसवून भरायला लागलो. नाव, वडिलांचं नाव, वय, धंदा, राहणार. अठरा जणांचं झालं. अठराही जणांच्या धंद्यापुढे मी न विचारता 'शिक्षण' लिहिलं.

शेवटी शिवकन्या आली. ती अगदी वाळली होती. पांढरा कोट अर्थातच नव्हता.

"नाव सांगू नकोस, मला पाठ आहे," मी जरा हसवायला म्हणालो. ती हसली नाही. मी लिहिलं: शिवकन्या पि. योगीराज, वय बावीस वर्षे. मग धंद्याच्या रकान्यात 'शि' काढला.

"ते नगं, काका," तिने माझ्या पेनावर बोट ठेवलं. "पटावरून नाव कापलंय माझं. परवा मी सोता बगून आले."

"अगं, सगळ्यांचं तेच लिहिलंय. अपील आहे ना अजून."

"त्यांचं लिवा. माझ्या कागदावर आता खोटं नगं."

"मग काय लिहू?"

बायांच्या कागदांत या रकान्यात आम्ही मुन्शी लोक काय लिहितो, ते तिला ठाऊक होतं. दीड महिना तिने रकानेच भरले होते. ती खिडकीकडे बघत होती, आवाज अगदी साधा होता.

"घरकाम लिवा."

मी 'शि' खोडला, खोडलेल्यावर माझी छोटी सही केली, आणि लिहिलं.